बिजागरी कशानं मोडली

– छे छे, नावं कुठं ठेवतोय मी तुमच्या रायफलीला, इंजिनियर साहेब! बसा ना, त्या खोक्यावर बसा, तेल नाही सांडलेलं तिथं. स्वतःच्या हातानं घडवलेली वस्तू, जीव तुटणारच – कळतं मला. आणि रायफल झकासच आहे हो. जुनी लांबडी घेऊन जिन्यात वळायचं म्हणजे शिडी घेऊन मोरीत शिरायचं – नळी भिंतीला अडते, दस्ता कठड्याला, तोवर वरचा माणूस आपल्याला आणखी वर पाठवून मोकळा. ही काखेत मावते. परवा त्या टोळीच्या घरात शिरलो, तर पहिल्याच मजल्यावर एक जण सुरा घेऊन अंगावर आला. नेम कुठला धरतोय – कमरेवरूनच झाडल्या दोन. छातीत. भिंतीवर आपटला आणि बसला तो बसलाच, सुरा हातातच. म्हणजे वजन उत्तम, वळायला उत्तम. खोट म्हणाल तर आवाज. नळी आखूड, त्यामुळे सगळा जाळ नि सगळा दणका आपल्याच तोंडावर. बंद जिन्यात चार गोळ्या उडवा, कानात नुसती शिट्टी! शेजारचा अर्धं बोलतो, अर्धं आपण मनानं भरायचं.

काय? – हो, येतो ना बिजागरीवर. दस्ता दुमडायची बिजागरी. पायरीवर पडून मोडली, कितीदा सांगू? तुम्ही गच्चीवरून फेकून बघितलीत, मोडली नाही – तुमची नसेल मोडली, माझी मोडली. आता अहवालात पायरी लिहिली की तुमची रायफल नापास, मान्य. मी तरी काय करू? घामाचा हात होता, सुटली. घाम का फुटला विचारा की! माझा मेव्हणा पुढं होता. बायकोचा धाकटा भाऊ, आमच्या पथकात नुकताच बदलून आलेला – मीच आणला, बायको म्हणाली, तुमच्या डोळ्यांसमोर राहील. राहिला! दुसऱ्या मजल्यावर माझं मॅगझीन संपलं. मी ओरडलो, ‘खाली!’ आमच्यात खाली म्हणजे संपल्या गोळ्या, भरेपर्यंत तू सांभाळ. त्याच्या जुन्या पथकात म्हणायचे ‘रिकामी’. त्यात कानात शिट्टी. पोराला वाटलं, खालून कुणी येतंय. वळला ना तो खाली, जिन्याकडे! पाठ वरच्या दाराला. एकच गोळी – मानेतून शिरली, गळ्यातून बाहेर. माझ्या अंगावरच कोसळला. काहीतरी सांगत होता मला, पण तोंडातून नुसते रक्ताचे बुडबुडे. घरी गेलो तर बायकोनं एकच विचारलं – मारणारा जिवंत आहे का? नाही म्हटलं, तेव्हा कुठं घोटभर पाणी प्यायली.

आता भिंगातून काय बघताय एवढं? – केस? बिजागरीत? कुठं? आणा इकडं. अहो चिंधीचा धागा असेल, चिंध्यांनीच पुसतो आम्ही. धागाच आहे. पायरीला का केस असतात? – असं बघू नका माझ्याकडे. दगडानं काय मोडतं आणि हाडानं काय मोडतं, तुम्हाला कळतं वाटतं. कळणारच म्हणा. मग ऐका! रायफल रिकामी, भरायला थांबतंय कोण – नळी धरली मुठीत, तापलेली, हे फोड बघा – आणि वर गेलो, त्या मारणाऱ्यावर. पहिला दणका कानशिलावर. गुडघ्यावर आला. दुसरा तोंडावर, दात फरशीवर सांडले. मग तो आडवा झाला तरी मी मारतोच आहे, मारतोच आहे. बिजागरी तुटली म्हणून थांबलो, साहेब, नाहीतर थांबलो नसतो. डोकं पायरीवरच होतं त्याचं, तेव्हा पायरी काही अगदी खोटी नाही.

त्याच्याकडे बंदूक? होती ना. त्याच्या पायाशी. – त्यानंच ठेवलेली. हात वर होते. आणि माझ्याकडे बघून गळा फाडून ओरडत होता, ‘खाली! खाली!’ कान बसले होते म्हटलं ना मघाशी? पण हे अगदी स्वच्छ ऐकू आलं. आणि अर्थही बरोबर कळला.

– भिंग खिशात घाला. बिजागरी कच्ची होती, पायरीवर पडून मोडली. निघा आता. आणि दार ओढून घ्या.