सत्यनारायणाचा चौरंग कुठे मांडायचा?

बसा मंडळी, बसा! पार्किंगमध्ये कीर्तन ठेवलंय म्हणून गाड्यांसारखं आडवं-तिडवं उभं राहू नका. मागचे पुढे या. आणि ते मोबाईल आत टाका — देव काही व्हॉट्सअ‍ॅपवर यायचा नाही, बँकेचा मेसेज तेवढा येईल!

हसलात? हसा. अजून थोडा वेळ हसता येईल.

ऐका. आजचा प्रश्न साधा आहे. दिलं म्हणजे फिटलं का?

काय हो काका, मान डोलावताय ती होय म्हणून की झोप आली म्हणून? देवापुढे आपण नैवेद्याचं ताट ठेवतो. पुरणपोळी, भात, वरण, वर तुपाची धार. देव काय करतो? वासावर तृप्त होतो. ताट जसंच्या तसं परत! मग आपण ते हाणतो आणि दुपारी झोपतो. असला यजमानधार्जिणा देव त्रिभुवनात दुसरा नाही. पण मंडळी, तेच ताट बँकेपुढे ठेवून बघा! पोळी जाईल, ताट जाईल, पाटही जाईल. आणि वर विचारतील — पुढच्या महिन्याचं ताट कधी?

त्याच ताटाची ही गोष्ट.

सांगलीला रिंगरोडच्या पलीकडे सुबराव कुंभोजकर नावाचा गृहस्थ राहतो. कुपवाडच्या पंपांच्या कारखान्यात स्टोअर सांभाळतो. माणूस सज्जन. दारू नाही, तंबाखू नाही, कुणाच्या अध्यात नाही. अशी माणसं बँकेला फार आवडतात हो! गाईसारखी. वेळेवर दूध, लाथ नाही.

चाळिसाव्या वर्षी सुबरावनं फ्लॅट घेतला. पाचशे फूट. पदरचं जे होतं ते नोंदणीनं खाल्लं, मुद्रांकानं खाल्लं, आणि उरलंसुरलं बिल्डरनं पार्किंगच्या नावानं खाल्लं. — मागे फ्लेक्स कुणाचा आहे ते मी बघितलेलं नाही. मी आपला देवाकडे बघून बोलतोय! — आणि फ्लॅटसाठी कर्ज काढलं वीस लाख. वर्षं वीस. हप्ता पावणेसतरा हजार. साठीला नोकरी संपणार, साठीलाच कर्ज संपणार. सुबरावला वाटलं, काय जमवलंय गणित! जणू ब्रह्मदेवानं स्वतः बसून मुहूर्त काढलाय.

सह्या किती केल्या? त्यालाच ठाऊक नाही. बँकेचा पोरगा पान उलटत होता, हा सही करत होता. "इथं काका. इथं. इथं पण." अहो, पावशेर मिरच्या घेताना आपण भाजीवालीशी भांडून कोथिंबिरीच्या चार काड्या फुकट काढतो! आणि वीस लाखांच्या कागदावर? "पेन जरा बरं द्या." बस. एवढाच प्रश्न!

सुबरावची बायको शालन. घरी शिवणकाम करते, शाळांचे गणवेश. जून आला की घरात निळ्या पॅन्टींचा डोंगर. मान धरते, डोळे चुरचुरतात, पण मशीन थांबत नाही. तिनं वास्तुशांतीच्या दिवशीच नवऱ्याला सांगून ठेवलं होतं, "हे बघा, कर्ज फिटेल त्या दिवशी ही मशीन माळ्यावर. मग माझ्याकडून साधं बटणसुद्धा लावून मागायचं नाही."

सुबराव म्हणाला, "अगं, साठीला दोघंही मोकळी. शब्द देतो."

शब्द दिला मंडळी! हा शब्द धरून ठेवा. पुढची सगळी गोष्ट याच खुंटीला टांगलेली आहे.

तीन वर्षं गेली. व्याजाचे दर वाढले. कारखान्यात बोंबाबोंब! कुणाचा हप्ता दोन हजारांनी वाढला, कुणाचा अडीच. सुबराव घाबरला, बँकेत गेला. काउंटरवर विचारलं, "माझं काय?"

"काका, दर वाढलाय. हप्ता वाढवायचा की मुदत?"

"हप्त्याला हात लावू नका बरं का!"

"नाही लावत."

आणि गडी नाचत घरी आला! येताना अर्धा किलो पेढे. कारखान्यात वाटले. "तुमचे वाढले, माझा हप्ता एक रुपयानं वाढला नाही! बँकेत बोलावं लागतं, बोलावं!" मंडळी, गळ्यातल्या दोरीची लांबी वाढली, म्हणून गाईनं पेढे वाटले!

आता तुम्ही म्हणाल, बुवा, आम्ही असे नाही. बरं. मग सांगा तुमची मुदत किती उरली? — बघा, कसे सगळे एकदम देवाच्या फोटोकडे बघायला लागले!

दहा वर्षं पुरी झाली. सुबरावनं एकही हप्ता चुकवला नव्हता. एके संध्याकाळी हॉलमध्ये उभा राहून म्हणाला, "शालन, वीसमधली दहा गेली. म्हणजे अर्धं घर आपलं! इथून, या खिडकीपर्यंत बघ. आपलं!"

आणि डोक्यात आलं — साजरं करायचं. सत्यनारायण घालायचा. साधासुधा नाही! दोनशे माणसांची जेवणं. नवा सोफा. हॉलला पीओपीचं छत, त्यात निळे दिवे. खर्च दोन लाख. पैसे कुठले? शालनच्या शिलाईचे! सहा वर्षं तिनं बाजूला टाकलेले. ती म्हणाली, "एवढं कशाला हो?" हा म्हणाला, "अर्धं घर रोज होतं का कुणाचं?" केटररला पगारातले पाच हजार आगाऊ देऊनही मोकळा.

आमंत्रणाची आपली रीत काय? पहिली अक्षत गणपतीला. सुबराव जोडीनं गणपतीला गेला, अक्षत ठेवली, नारळ ठेवला. बाहेर आला, चपला घातल्या आणि म्हणाला, "आता दुसरी अक्षत बँकेला."

शालन म्हणाली, "बँकेला?"

"मग! दहा वर्षं त्यांनी सांभाळलंय आपल्याला. त्यांचा मान नको?"

धन्य आहे बाबा तुझी! अहो, कसायाला बारशाचं आमंत्रण देणारा बोकड मी या एकाच गोष्टीत बघितला!

दोघं बँकेत गेली. काचेची केबिन, आत एक तरुण मॅडम. ऋतुजा नाव. सुबरावनं टेबलावर हळदकुंकवाची पुडी ठेवली, अक्षता ठेवल्या. की-बोर्डवर चार दाणे सांडले. म्हणाला, "रविवारी पूजा आहे. जेवायलाच या. अर्धं कर्ज फिटलं, त्याची पूजा!"

मॅडमनी अक्षता कपाळाला लावल्या. पोरगी संस्कारी. खातं उघडलं, बघितलं, आणि हळूच म्हणाली, "काका, अर्धं कुठलं?"

"दहा वर्षं झाली ना!"

"झाली. पण अजून साडेपंधरा राहिलीत."

सुबराव हसला. त्याला वाटलं, बाईनं दुसऱ्याच कुणाचं खातं उघडलं. "कुंभोजकर बघा. सुबराव."

"तुमचंच आहे काका. तेव्हा तुम्ही हप्ता वाढवू नका म्हणालात. मग वर्षं वाढली. पावणेसतरा हजारांतले पावणेपंधरा हजार नुसतं व्याजाला जायला लागले. मुद्दलाला उरले दोन हजार. मग ते फिटणार कसं?"

"पण मी दिलेत किती?"

"वीस लाखांच्या वर."

"आणि घेतले होते?"

"वीस लाख."

"मग राहिले किती?"

"सव्वासोळा लाख."

पेटीवाले, इथं सूर नको. इथं गप्प बसा.

वीस घेतले. वीस दिले. सव्वासोळा राहिले! याच चालीनं गेलं तर शेवटच्या हप्त्यापर्यंत वीस लाखांच्या कर्जाचे होतात एकावन्न! सुबरावला ते पेढे आठवले. प्रत्येकाच्या हातावर स्वतः ठेवलेला एकेक पेढा. वाटलं, जमीन फाटावी — पण फाटून कसं चालेल, फरशी बँकेची!

"साठीनंतर साडेपाच वर्षं?" त्यानं विचारलं. "पगार नसताना?"

"फंडातून देतात काका बरेच जण."

शालन तोवर एक शब्द बोलली नव्हती. बाहेर आल्यावरही बोलली नाही. रिक्षातसुद्धा नाही. मंडळी, बायको भांडली तर समजावं पाऊस पडून गेला. बायको गप्प बसली की पंचांग बघावं!

त्या दोघांसाठी हे एका ओवीत बांधलंय मी. माझीच आहे, चाल मोडकी आहे, सांभाळून घ्या —

मुद्दल बैसले सिंहासनी ।
व्याज जेवी दिनरजनी ।
हप्ता उभा कर जोडोनी ।
यजमान उपाशी ॥

घरी आली. शालननं शिलाईची टेप काढली. शिंप्याचा खडू काढला. म्हणाली, "टोक धरा."

"काय करतेस?"

"धरा म्हणते ना!"

हिशोब सोपा होता. दहा वर्षांत मुद्दल फिटलं पावणेचार लाख. वीसमधले पावणेचार. पाचशे फुटांतले किती? तिनं कमरेला पदर खोचला आणि मागच्या बाजूनं मापायला सुरुवात केली. संडास मापला. मोरी मापली. गॅलरी मापली. आणि गॅलरीच्या उंबऱ्यावर खडूची रेघ ओढली. पांढरी, ठसठशीत.

"एवढं आपलं," ती म्हणाली. "बाकी बँकेचं. आता सांगा, रविवारी सत्यनारायण कुठे मांडायचा? संडासात?"

सुबराव मटकन खाली बसला. बसला तोही बँकेच्या जागेत!

"शालन, मला कळलं नाही गं."

"कळायचं काय होतं त्यात? विचारायचं होतं. दहा वर्षांत एकदा. तुम्ही केटररला विचारलंत, जिलबी एक देणार की दोन. बँकेला विचारलं नाहीत, वर्षं किती." मग तिनं टेप गुंडाळली. "मला वाटलं होतं, अजून दहा वर्षं. मनात मोजून ठेवली होती हो मी. साडेपंधरा वर्षं ह्या मशीनवर नाही निघायची माझ्यानं."

मंडळी, नवऱ्याला शिवी लागत नाही, हे लागतं. सुबराव उठला. फोन घेतला. केटररला म्हणाला, "जेवणं रद्द." तो म्हणाला, "आगाऊ रक्कम परत मिळणार नाही." हा म्हणाला, "ठेव. आजवर ज्यांना दिलं त्यातलं कुणीच परत केलेलं नाही!"

दुसऱ्या दिवशी दोघं पुन्हा बँकेत. दोन लाख काउंटरवर. शालननं पुढे होऊन सांगितलं, "हे सगळे मुद्दलात टाका. आणि हप्ता कमी करायचा नाही बरं का मॅडम, वर्षं कमी करायची."

मॅडमनी आकडे घातले. "साडेतीन वर्षं गेली तुमची, काकू."

सुबराव म्हणाला, "काय?"

"दोन लाखांनी साडेतीन वर्षं कमी झाली."

ऐकलंत? एका सोफ्यानं, छतानं आणि दोनशे पानांनी एका बाईची साडेतीन वर्षं गिळली असती! आणि तुम्ही वर म्हणाला असता, वा, काय झोकात पूजा झाली, जिलबी कुरकुरीत होती!

"आणि साठीला संपवायचं असेल तर?" सुबरावनं विचारलं. वर्षांचं पहिल्यांदा विचारलं!

"हप्ता साडेअठरा हजार करा. दर आणखी वाढला तर मात्र लगेच येऊन भेटा."

"करा. आणि दर वाढला की मीच येतो. पेढे न घेता."

रविवार उजाडला. माणसं आली. केटरर नाही हे कुणाला माहीत नव्हतं, त्यामुळे आली! हॉलमध्ये बघतात तर चौरंग नाही, केळीचे खुंट नाहीत. शेजारचे बापट विचारतात, "पूजा कुठंय हो?"

सुबराव म्हणाला, "आत. स्वयंपाकघरात. ओट्यापुढे."

"तिथं कशाला?"

"परवापर्यंत आपला फक्त संडास, मोरी आणि गॅलरी होती. दोन लाख भरले, त्यात ओटा आपला झाला. देवाला परक्याच्या जागेत कसं बसवणार? तुम्ही उभे आहात तो हॉल बँकेचा आहे, जपून उभे राहा!"

सगळे खो खो हसले. बापट तर भिंतीला टेकून हसले. आणि मग हळूहळू एकेकाचं हसू आवरायला लागलं. बापट मोबाईल काढून काहीतरी शोधायला लागले. कुणी बायकोच्या कानाला लागला. प्रसादाचा द्रोण हातात तसाच. शिरा गार झाला हो! पंचवीस बिऱ्हाडांच्या त्या इमारतीत त्या दिवशी प्रत्येकजण मनातल्या मनात आपापला संडास मापत होता.

ती पूजा होऊन तीन वर्षं झाली. दरवर्षी सुबराव सत्यनारायण घालतो. जेवण नाही, नुसता शिरा. आदल्या रात्री शालन टेप काढते, खडूची रेघ पुढे सरकवते, आणि चौरंग तेवढाच पुढे येतो. पहिल्या वर्षी ओट्यापुढे. मग फ्रिजपाशी. मग दारात. यंदा चौरंगाचे दोन पाय हॉलमध्ये आलेत! देव निम्मा घरचा, निम्मा बँकेचा. मशीन अजून चालते. पण शालननं माळ्यावर जागा करून ठेवली आहे. रिकामी. तिथं दुसरं काही ठेवू देत नाही.

आता तुमच्याकडे वळतो. पळू नका, गेटला कुलूप आहे!

देवाला तुम्ही काय विचारायचं बाकी ठेवलंय? पोरीचं लग्न कधी, पोराला नोकरी कधी, शनी कधी उतरणार. तो बिचारा दगडाचा, बोलत नाही. आणि जी बोलते, जिला उत्तर द्यावंच लागतं, त्या बँकेपुढे तुमची दातखीळ बसते! का? गबाळे दिसू म्हणून? अहो, सही करताना गबाळे दिसला नाहीत का? व्याज घेणारे घेतातच, त्यांचा तो धंदाच आहे. त्यांना शिव्या मी रोज घालतो, फुकट घालतो. पण न विचारता देत राहणं, ही सज्जनता नव्हे. हा आळस आहे, आणि त्याचं भाडं घरातली बाई भरते!

ज्या बिल्डरांनी मांडव दिला त्यांचे आभार मानायला मला सांगितलंय. मानतो. मांडव फुकट दिला म्हणे! मंडळी, तुम्ही दहा-दहा वर्षं हप्ते भरताय, त्यातलं हे एक कापड तरी तुमच्या डोक्यावर आलं. आभार!

आता हात जोडा. देवाचं नाव घ्या, मोठ्यानं घ्या, छत हलू दे. छत पडलं तर घाबरू नका, ते अजून तुमचं नाही.

आणि घरी गेलात की दिवा लावण्याआधी उंबऱ्यात जरा थांबा. माझा एकच प्रश्न आहे, उत्तर मला देऊ नका, घरच्या बाईला द्या —

तुमचा चौरंग कुठे मांडायचा?