पाचव्या खंडाचं पहिलं पान

आजच्या समारंभाचे अध्यक्ष, आपल्या कोशसंस्थेचे संचालक महोदय. शेजारी बसलेले प्रमुख पाहुणे, ज्यांनी आत्ताच्या भाषणात आमच्या बाईंना दोनदा ग्रंथपाल केलं आणि तरीही टाळ्या घेतल्या. आजच्या सत्कारमूर्ती, आज निवृत्त होणाऱ्या, आम्हा सगळ्यांच्या बाई. पहिल्या रांगेतले बाईंचे यजमान आणि त्यांची लेक. चौथ्या रांगेत मांडीवर पिशवी धरून बसलेले, छापखान्यातले अक्षरजुळणी करणारे आमचे मित्र. आणि मागे उभ्या असलेल्या माझ्या सहकाऱ्यांनो. खुर्च्या रिकाम्या आहेत, बसा की! पण नाही. आपल्या संस्थेत रिकाम्या खुर्चीत बसायची पद्धतच नाही. त्यावर पुढे बोलतोच.

मी इथला मुद्रितशोधक. एकतीस वर्षं दुसऱ्यांच्या चुका काढतोय. मला सगळे खोडरबर म्हणतात, समोरसुद्धा. मला सांगण्यात आलंय की बाईंच्या कार्यावर दहा मिनिटं बोला आणि गोड बोला. दहा मिनिटं बोलतो. गोड जमेल असं वाटत नाही, कारण मी वैतागलोय. आजचा नाही, अकरा वर्षांचा वैताग आहे हा.

बाईंचं सगळं कार्य सांगत बसलो तर उद्या उजाडेल. म्हणून मी फक्त एका कार्डाबद्दल बोलणार आहे. पाहुण्यांसाठी सांगतो, आमच्या इंग्रजी-मराठी कोशातला प्रत्येक शब्द आधी एका कार्डावर लिहिला जातो. वर शब्द, खाली अर्थ, प्रत्येक अर्थाला एक उदाहरण. उजव्या कोपऱ्यात कार्ड करणाऱ्याची सही, डाव्या कोपऱ्यात मुख्य संपादकांची. डावी सही झाल्याशिवाय शब्द कोशात जात नाही.

हे कार्ड आहे 'अनक्राउन्ड' या शब्दाचं. मुकुट नसलेला. तुम्ही म्हणाल, झालं की, दोन शब्दांत संपलं! मलाही तसंच वाटलं होतं. या कार्डाला सहा वर्षं लागली.

कारण बाई! बाईंना 'मुकुट नसलेला' पुरेना. त्या म्हणाल्या, मुकुट कोणाकोणाला असतो ते तरी बघूया. दाताला असतो, दातावरच्या कॅपला इंग्रजीत क्राउनच म्हणतात. त्याच सुमारास त्यांची दाढ ठणकत होती आणि डॉक्टरांनी कॅप बसवायला बोलावलं होतं. तोंडात कापूस, वर दिवा, आणि बाई विचारतायत, "कॅप बसवायच्या आधी तुम्ही या दाताला काय म्हणता?" डॉक्टर म्हणाले, "दात म्हणतो. आता तोंड उघडं ठेवा." दुसऱ्या दिवशी सुजलेला गाल घेऊन आल्या आणि कार्डावर लिहिलं, '(दात) कॅप न बसवलेला.' रजा? छे! मग टोपी. इंग्रजीत टोपीच्या वरच्या भागालाही क्राउन म्हणतात. टोप्यांच्या दुकानात गेल्या आणि माथा नसलेली, नुसती कडा असलेली टोपी मागितली. दुकानदार म्हणाला, "बाई, माथाच नसेल तर ती डोक्यावर कशाला घालायची?" हे त्यांनी मला इतक्या आनंदाने सांगितलं की माझं रागवायचं राहूनच गेलं.

खरं भांडण पेटलं ते माणसांच्या अर्थांवर. ते दोन आहेत. एक, राजा आहे, पण राज्याभिषेक व्हायचाय. दुसरा, पद नाही, मान नाही, पण सगळा कारभार ज्याच्या हातात आहे तो. तज्ज्ञ समितीने दोन्हींना मिळून एकच प्रतिशब्द पाठवला, 'निर्मुकुट'. बाईंनी समितीलाच विचारलं, "हा शब्द कोण बोलतं? तुम्ही घरी बोलता का?" समितीने कार्ड परत पाठवलं. बाईंनी ते परत समितीकडे पाठवलं. असं चार वेळा झालं! बाईंचं म्हणणं, आपल्याकडे 'अनभिषिक्त' हा शब्द चांगला रुळलेला आहे. आपल्या भाषेत राजा पाण्याने होतो, टोपीने नाही. शेवटी समिती दमली. बाई दमत नाहीत हे समितीला पाचव्या वर्षी कळलं.

पण 'अनभिषिक्त' मिळाल्यावरही त्या दोन अर्थ एक करू देईनात. मी म्हटलं, "बाई, शब्द तोच, मग अर्थ दोन कशाला? एका ओळीत बसवा, पान वाचतंय." तर म्हणाल्या, "पहिल्या अर्थात 'अजून' आहे. दुसऱ्यात नाही. पहिला वाट बघत बसलाय. दुसरा कामाला लागलाय."

मंडळी, हे वाक्य ऐकलं आणि माझं डोकं फिरलं. का ते सांगतो.

अकरा वर्षांपूर्वी आपले मुख्य संपादक निवृत्त झाले. त्यांची खुर्ची अजून आहे, पाठीवर पांढरा टॉवेलसुद्धा आहे. दर सोमवारी धुतला जातो. कोणाच्या घामासाठी, देव जाणे! त्या पदाचा तात्पुरता कार्यभार बाईंकडे आला. तीन महिन्यांसाठी किंवा पुढील आदेशापर्यंत. तीन महिने झाले की नवं पत्र यायचं. अशी चव्वेचाळीस पत्रं आली. पद भरण्याचा विषय विचाराधीन होता. अकरा वर्षं विचाराधीन! एवढ्यात माणसाची दाढीसुद्धा पिकते. माझी पिकली.

आणि बाई त्या खुर्चीत एकदाही बसल्या नाहीत. खिडकीजवळच्या आपल्या लाकडी खुर्चीत बसून त्यांनी पाच खंड पूर्ण केले. पाहुणे यायचे, रिकाम्या खुर्चीला नमस्कार करायचे आणि बाईंना विचारायचे, "साहेब कधी येतील?" बाई शांतपणे म्हणायच्या, "बसा, काय काम होतं?"

प्रत्येक कार्डावर डाव्या कोपऱ्यात त्यांची सही आहे, आणि सहीच्या वर एक शब्द आहे. 'करिता'. मुख्य संपादकांकरिता. अहो, कोणाकरिता? टॉवेलाकरिता? नियमच तसा आहे, हे मलाही ठाऊक आहे. पण नियम वाचून माणसाला कधी राग येऊ नये का?

मी किती वेळा सांगितलं, बाई, त्या पदासाठी अर्ज करा. उत्तर ठरलेलं. "अर्ज लिहायला एक दिवस जाईल. एका दिवसात अठरा कार्डं होतात." मी म्हटलं, मी लिहून देतो. तर म्हणाल्या, "मग तुमचा दिवस जाईल." या बाईंपुढे हात टेकले मी!

बरं, त्या कार्डावर दुसऱ्या अर्थाला उदाहरण हवं होतं. पद नसताना सगळा कारभार पाहणारी व्यक्ती. संस्थेतल्या सात जणांनी, एकमेकांना न विचारता, उदाहरणाच्या पेटीत सात चिठ्ठ्या टाकल्या. अक्षर सात जणांचं, माणूस एकच. बाईंनी सातही चिठ्ठ्या लाल पेन्सिलीने बाद केल्या आणि पेटीवर सूचना लावली, 'कोशात घरची माणसं नकोत.' त्या सातांतली एक चिठ्ठी माझी होती. माझ्या चिठ्ठीत ऱ्हस्व-दीर्घाची एक चूकही निघाली. ती मात्र दुरुस्त करून परत मिळाली.

हसा. हसण्यासारखंच आहे. आता जे सांगणार आहे ते तसं नाही.

आज समारंभाआधी फाटकापाशी बाईंची लेक भेटली. म्हणाली, "काका, एक विचारू? आईचं नाव पुस्तकात कुठे असतं? मी चारही खंड पालथे घातले. शाळेत होते तेव्हापासून शोधतेय. आईला विचारलं तर म्हणते, आत सगळीकडे आहे, नीट वाच."

बाळ, मी तुला तेव्हा 'बघून सांगतो' म्हणालो. खोटं बोललो. तुझ्या आईचं नाव कुठेही नाही. मुखपृष्ठावर नाही. आतल्या पहिल्या पानावर 'संपादक मंडळ' एवढंच आहे. आता मंडळ म्हणजे कोण? तीन सदस्य. एक वारले, एक परदेशी गेले आणि तिसरे पहिल्या सभेलाही आले नाहीत. आभारांच्या यादीत आपल्या शिपायाचंसुद्धा नाव आहे, पण तुझ्या आईचं नाही, कारण ती यादी तुझ्या आईनेच केली.

पण एकदा होतं.

नऊ वर्षांपूर्वी पहिल्या खंडाचं पहिलं पान तपासायला माझ्याकडे आलं. चौथ्या रांगेतल्या या आमच्या मित्रांनी हजारो कार्डं जुळवली होती. प्रत्येकावर एकच सही बघून त्यांनी, कोणी सांगितलेलं नसताना, 'संपादक' असं लिहून खाली बाईंचं पूर्ण नाव जुळवलं होतं. एवढं साधं होतं ते. ज्याने काम पाहिलं त्याने नाव लिहिलं.

मी मूळ प्रत काढली. मूळ प्रतीत 'संपादक मंडळ' होतं. फाइल काढली. फाइलमध्ये नेमणुकीचं पत्र नव्हतं. मी लाल शाईने नाव खोडलं. मी खोडलं! संस्थेने नाही, समितीने नाही, त्या वेळच्या संचालकांनीही नाही. आणि मी बरोबर होतो. मुद्रितशोधकाने मूळ प्रतीबाहेर जायचं नसतं. एकतीस वर्षांत इतकं बरोबर असून इतकी लाज मला कधी वाटली नाही.

तो कागद माझ्याजवळ आहे. हा बघा. माझी दुरुस्ती नियमाप्रमाणे बाईंकडे तपासायला गेली होती. मला वाटलं, आता तरी बाई काही म्हणतील. चिडतील. निदान मला बोलावून विचारतील. बाईंनी माझ्या खाडाखोडीशेजारी 'बरोबर' लिहिलं, सही केली, आणि मग त्यांच्या लक्षात आलं की नाव गेल्यावर तिथे पांढरी जागा राहतेय. म्हणून समासात आणखी दोन शब्द लिहिले. 'जागा मिटवा.'

आपलं नाव होतं तिथली जागा, बाई! तीसुद्धा तुम्ही ठेवली नाहीत.

यांच्यावर रागवायचं की यांच्या पाया पडायचं हे मला नऊ वर्षांत ठरवता आलेलं नाही. आज रागवायचं ठरवलंय.

पाचव्या, शेवटच्या खंडाचं पहिलं पान आज सकाळी आलं. हे माझ्या खिशात आहे. पुन्हा 'संपादक मंडळ'. मी ते खोडलंय आणि तिथे बाईंचं नाव घातलंय. मूळ प्रतीच्या बाहेर जाऊन. आयुष्यात पहिल्यांदा. मग संचालक महोदयांकडे सहीला नेलं. रागवू नका साहेब, तुम्ही वाईट वागलात असं मी म्हणत नाही. तुम्ही म्हणालात, "माझी हरकत नाही, पण पहिल्या पानावर मुख्य संपादकांचीच सही लागते. मला अधिकार नाही." मी विचारलं, मग अधिकार कोणाला? तुम्ही चव्वेचाळिसावं पत्र काढून वाचलंत. आज सायंकाळी पाच वाजेपर्यंत त्या पदाचा कार्यभार बाईंकडे आहे.

म्हणजे या पानावर बाईंचं नाव छापायचं तर परवानगी द्यायची कोणी? बाईंनी! पाचनंतर खुर्चीवर फक्त टॉवेल उरेल, आणि पान जसं होतं तसं जाईल. आत्ता साडेचार होत आलेत. आमचे मित्र पिशवी घेऊन याच पानासाठी थांबलेत, भाषणं ऐकायला आलेले नाहीत ते.

बाई, मान हलवू नका. मला माहीत आहे तुम्ही काय म्हणणार. कोशात घरची माणसं नकोत. अहो, हे कोशात नाही, कोशाच्या दारावर आहे. घराच्या दारावर घरच्याच माणसाचं नाव असतं! आणि स्वतःसाठी करायचं नसेल तर करू नका. तिथे पहिल्या रांगेत एक मुलगी बसलीय, ती शाळेपासून पुस्तकं चाळतेय. तिच्यासाठी करा. तेही नसेल जमत तर माझ्यासाठी करा. मला ती लाल रेघ घेऊन निवृत्त व्हायचं नाही.

हे पान. हे पेन. अध्यक्ष महाराज, जरा तो हार बाजूला घ्या, टेबलावर जागा करा.

चष्मा लावतायत. वाचतायत. मंडळी, टाळ्या नकोत, त्यांना वाचताना आवाज चालत नाही.

तोवर मी आभार उरकून घेतो. अध्यक्षांचे आभार, त्यांनी मला मध्येच खाली बसवलं नाही. प्रमुख पाहुण्यांचे आभार. बाई ग्रंथपाल नाहीत, एवढं लक्षात ठेवावं. बाईंच्या यजमानांचे आभार, त्यांनी इतकी वर्षं जेवणाच्या टेबलावर कार्डं सहन केली. रागाच्या भरात मी कोणाला लागेल असं बोललो असेन. माझं बोलणं कोणी तपासून दिलेलं नव्हतं, तेव्हा जे चुकलं असेल ते आपापल्या मनात खोडून टाका आणि मला माफ करा.

काय झालं, बाई? पेन चालत नाही? चालतंय. मग खोडताय काय? बाई, नाव खोडू नका, मी हात जोडतो...

'मुख्य'? मी 'मुख्य संपादक' लिहिलं होतं, त्यातलं 'मुख्य' खोडलं. बरोबर आहे, तसं पत्र नाही. आणि खाली लिहिलंय, 'छापण्यास हरकत नाही.' सही आहे. सहीच्या वर 'करिता' नाही.

ठीक आहे, बाई. 'मुख्य' गेलं. जागा मी मिटवतो.