तळघरातली हौस
लातुरात टँकरच्या रांगेत माझ्या पुढं दोन बाया घागरी घेऊन उभ्या होत्या.

"अक्का, लातूर जिल्हा झाला, पाणी न्हाई आलं, व्हिडिओ आला. काल ह्यांनी भाड्यानं इंग्रजी पिक्चर आणला. प्रेमाचा, हसायचा."

"मग?"

"सूटबूटवाले तळघरात चोरून जमतात, बायांच्या हातचा मार खायला. हिरो तर चाबूकवालीपुढं फरशी पुसतो, भांडी घासतो, वर शिव्या खातो."

"शिक्षा म्हणून?"

"न्हाई, हौस! जीव जडलाय तिच्यावर."

"पाणी भरतो का?"

"दोन बादल्या, जिना चढून. लई खुशीत."

"मग चोरून कशाला?"

"लोकांना कळलं तर अब्रू जाईल म्हणून."

"आपण भर चौकात पाणी भरतोय, आपली न्हाई गेली अब्रू. शेवट काय?"

"लगीन."

"मग पाणी कोण भरतं?"

"तिथंच संपला की पिक्चर."