कफाचा माणूस अन् जानोसा

...आता कफ म्हणलं का लोकं खिशातून रुमाल काढून देतात, तुमाले सांगतो! आमचे दुसरबीडचे जावईबुवा तर ज्येष्ठमध घेऊनच आले, म्हणे, मामा, चघळा, छाती मोकळी होईल. अरे बाबा, मी प्रकृतीचं सांगून राह्यलो, खोकल्याचं नाही! आजकालच्या लोकायले कफ म्हणजे निस्तं नाकातलं ठाऊक.

लहानपणी पोरगं मठ्ठ हाये काय, ते पाहाले बापानं मले डोणगावच्या वामनराव वैद्याकडं नेलं होतं. वैद्यबुवानं नाडी धरली, डोळे मिटले अन् म्हणाले, "मठ्ठ नाही, कफाचा आहे. क म्हणजे पाणी, पाण्यानं जे फळतं तो कफ. शास्त्रात त्याला श्लेष्मा म्हणतात, म्हणजे मिठी मारणारा. अंगातले सांधे तोच धरून ठेवतो. हा उशिरा बोलेल, पण तुटलेलं जोडेल." बापानं घरी येतानी गावभर सांगितलं. आपली प्रकृती कफाची!

महाराष्ट्र झाला त्या सालापासून गावात कोणाचंही लग्न निघो, जानोशावर, म्हणजे नवरदेवाकडचे उतरतात त्या घरी, वऱ्हाड सांभाळाले अन् मांडवात आणाले मीच. रुसवे काढाले थंड डोक्याचा माणूस नको काय? चहा गार हाये... हो. गाद्या कमी हायेत... हो. नवरदेवाच्या मामानं टोपी फेकली, का उचलायची, झटकायची अन् त्याच्याच डोक्यावर ठेवायची. डोकं गरम होतच नाही ना. आपली प्रकृती कफाची.

मग माह्या पंचफुलाचं लग्न आलं. आमच्या घरची, शालूबाई, म्हणे, "तुम्ही मांडवात राहा, जानोशावर भाऊ जाईल." माह्या पोरीच्या लग्नात जानोशावर दुसरा? जमते काय? गेलो. व्याही शेषराव भिंतीले टेकून बसले होते. म्हणलं, चला, मुहूर्त आला. ते म्हणे, "चलू ना... बसा तर खरं." बसलो. तुम्ही उठा म्हणलं, तर म्हणे, "आधी तुम्ही, तुमचा मान." मी म्हणलं, छे छे, मान तुमचा... अन् मंग मले उमगलं, हा बी कफाचाच! ना रुसवा, ना भांडण, पण उठते कोण? नवरदेव बाशिंग बांधून दारात उभा, वाजंत्रीवाले वाजवून वाजवून थकले, तिकडं माही लेक हिरवा चुडा भरून वाट पाहून राह्यली. रडूच यायचं बाकी होतं, तुमाले सांगतो... पण बाहेर काही निघते काय? आपली प्रकृती कफाची.

तेवढ्यात शालूबाई. ती पित्ताची. दारातूनच कडाडली, "पोरगी मांडवात उभी हाये, अन् तुम्ही दोघं काय अंडे उबवून राह्यले बे?"

शेषराव असे उठले का पागोटं गादीवरच राह्यलं. मुहूर्त साधला, लग्न लागलं, पोरगी सुखात हाये.

परवा गावातला गुलाबराव आवतनाची सुपारी घेऊन दारात आला, त्याच्या पोरीचं लग्न हाये. मी आधीच धुतलेलं धोतर नेसून, फेटा बांधून बसलो होतो. तो म्हणे, "काका, काकू कुठं हायेत? जानोशावर त्यायलेच न्या लागते."

आत गेलो अन् जावयाचं ज्येष्ठमध तोंडात टाकलं. खोकला नाही हो... छाती जरा मोकळी करायची होती.