गोरी सिस्टर काय म्हनते

म्हन्जे घर? — थांबा सिस्टर, पुन्यांदा सांगा. विट्टिल म्हन्जे तुमच्या केरळच्या भाषेत घरी? आन पोनम म्हन्जे जायचं हाये? — घरी जायचं हाये. येवढंच म्हनत होती थे? — व माय. बसते मी इथं पायरीवर. तुमी त्या खुर्चीवर बसा, तिचा एक पाय हालते, भितीले टेकवून बसा. तुमी आज नागपूरहून आल्या, तुमाले काय माहीत आमी काय करून बसलो थे. दिवाळीपासून हे बुढी बाई सकाळी उठली का म्हनते विट्टिल, जेवता जेवता ताट सरकवते आन म्हनते विट्टिल, फाटकाचे गज धरून उभी राह्यते — विट्टिल पोनम, विट्टिल पोनम — आन मी मनकर्णा, मोठी शहानी, साऱ्या गल्लीले सांगत फिरली का आपली गोरी सिस्टर इट्टलाचं नाव घेऊन राह्यली! — हासू नका. नाही, तुमी नाही हासून राह्यल्या, मलेच येऊन राह्यलं, आन थे हासू नाही.

माहा चुलत दीर हाये, गुलाबराव, भजनी मंडळात पखवाज वाजवते. त्याले सांगतलं तर त्याच्या डोळ्यातून टपटप पानी. म्हने वहिनी, जिंदगीभर गावाची सेवा केली, मंग देव दुसरं काय देईन? एकादशीले आले सारे टाळ-पखवाज घेऊन. तिच्या खोलीतच बसले, खाटेच्या चहूकडून. तिच्या कपाळाले बुक्का लावला. मीनंच आनला फोटो इट्टलाचा, मरियामायच्या बाजूले खिळा ठोकून लावला — हाये अजून थे आत, पाह्यला असन तुमी — आन भजन सुरू झालं तशी थे रडाले लागली. कशी रडली म्हनता! गुलाबरावचा हात धरला, उठवलं त्याले, वढत वढत फाटकापरेंत घेऊन गेली. आन तो म्हने पाहा, पाहा, मले देवळात घेऊन चालली. आमी काय केलं? आमी तिले दोघी बायांनी धरून वापस आनलं, खाटेवर बसवलं आन आनखी जोरात टाळ कुटले. — असं केलं आमी. थे घरी जातो म्हने, आन आमी टाळ कुटले.

सलोमी सिस्टरले कायले बोल लावता? थे छत्तीसगडची, तिले काय समजते तुमची भाषा. पोरींचं होस्टेल पाह्यते बिचारी, दिवसभर तिकडंच. तिनं फोन केले तुमच्या मोठ्या सिस्टरले, म्हने बुढ्या सिस्टर मराठी विसरल्या, हिंदी विसरल्या, आता लहानपनचीच भाषा बोलतात. तिकडून म्हने पाठवतो कोनाले तरी. पाठवतो, पाठवतो — आन तुमी आता आल्या, थे बी तिले न्याले. तुमच्यावर राग नाही माहा. तुमी पोरीच्या वयाच्या, तुमाले जिथं पाठवन तिथं जा लागते. पन थोडं आगुदर आल्या असत्या न —

चहा घ्या. थंडा होईन. आन तशी मले ओळखते हां थे. बाकी साऱ्यायले विसरली, मले नाही. म्हनून मी म्हनते इथंच राहू द्या.

नाव तिचं लिगोरी. आमच्या बायायच्या तोंडी ते बसलं नाही, गोरी सिस्टर झाली. रंग पाह्यला तर तव्याचा, आन नाव गोरी! थे सोताच हासे. मी नवी नवरी होती तवा थे अनसिंगकडून पायी ये, पाठीवर पिशवी, पायात कापडी जोडे. आमचं पह्यलेपासून भाजीपाल्याचं, वांगे, मेथी, सांबार. एकडाव वावराच्या बांधावर उभी राहून म्हने, बाई, सांबार हाये काय? मी दिली जुडी. थे जुडीकडं पाहे आन माह्याकडं पाहे. म्हने हे तर कोथिंबीर हाये. म्हनलं आमच्याकडं यालेच सांबार म्हनतात. खाली बसली बांधावर आन हासली, हासली — तिच्या मुलखात म्हने सांबार म्हन्जे डाळीचं वरन! मंग एक दिवस करून घेऊन आली डब्बाभर. आंबट ढ्यान. सासऱ्यानं एक घास खाल्ला आन म्हने औषध हाये काय?

आन औषधबी तिनंच दिलं साऱ्या गावाले. आता तिचा इथला दवाखाना बंद पडला, औषधाचं कपाट तेवढं राह्यलं. माही ज्योत्स्ना झाली तवा — ज्योत्स्ना माही पोरगी, आता अकोल्याले दिली — तवा वैशाख होता, मी वावरात होती, पोट्टी आडवी आली. बैलबंडी नाही, मानूस जवळ नाही. कोनी तरी पयत जाऊन तिले सांगतलं. त्या उन्हात थे आली धावत, तोंड लाल नाही, काळं-निळं झालं होतं. गोठ्यातच पोतं टाकलं. मी म्हनलं सिस्टर, मी मरतो. थे म्हने मरतो कायले, काम पडलं हाये अजून. मंग तिनं गळ्यातली जपमाळ काढली, माह्या मुठीत दिली, म्हने मले दोन हात पाह्यजेत, हे तू धर. म्हनलं काय म्हनू? मले तुमचं काही येत नाही. म्हने माय म्हन. मरियेले बी गोठ्यातच बाळ झालं होतं, तिले समजते. — मी माय, माय करत राह्यली आन पोट्टी फिरली.

मंग मी रोजच याले लागली. अंगन झाडाले, मंग सैपाकाले. आंगनातली ते गुंफा पाह्यली न तुमी, मरियामायची? थे दगड आमच्या वावरातले. माह्या मालकानं, जगदेवनं, बंडीनं आनले, आन सिस्टरनं सोता गारा कालवला. मूर्ती आनली थे नागपूरहून, यष्टीत, मांडीवर घेऊन. चादरीत गुंडाळलेली, निस्तं तोंड उघडं. कंडक्टर म्हने लेकराची अर्धी तिकीट लागते सिस्टर! हे सांगतांनी तिले हासू आवरे ना. नवरात्रात गावच्या बाया तिथं बी याले लागल्या, झेंडूचे हार, ओट्या, नारळ. कोन्या तरी मोठ्या फादरनं पाह्यलं तर नाराज झाले म्हने, हे काय चालू हाये. थे म्हने फादर, मायजवळ आल्या, रिकाम्या हातानं कशा येतीन? फुलं ठेवे, नारळ पोरायले फोडून दे. आन मंधात वाशिमकडचे चार पोट्टे आले मोटरसायकलीवर, म्हने हे बाई लोकायले बाटवते. माह्या अंगावरच आले, तुले काय दिलं, सांग. म्हनलं पोरगी दिली. सिस्टरनं त्यायले पानी पाजलं, पन त्या दिवसापासून थे एकटी वस्तीत जाईना. मले संगं घेई. मी नाही म्हनत तिले कोनी मारलं असतं. पन भ्याली होती. येवढे दिवस राहून बी परकी ठरू शकतो, हे तिले त्या दिवशी दिसलं. थे मले दिसलं.

— नाही, रडून नाही राह्यली. ऊन लागते डोळ्यावर.

विसरन कसं सुरू झालं काय? असंच. चष्मा कुठं, किल्ली कुठं. मंग एकडाव म्हने, मनकर्णा, त्या हिरव्या जुडीले काय म्हनतात? मी म्हनलं सांबार. तिनं मान हालवली, नाही नाही, सांबार वेगळं. मले वाटलं गंमत करून राह्यली. गंमत नव्हती. मंग एक एक करून आमचे शब्द गेले. खुर्ची गेली, भाकर गेली, देवारा गेला, जाय-ये गेलं. मी नवा शब्द सांगो, थे माह्या तोंडाकडं पाहे, जशी लेकरं पाह्यतात. जपमाळ तेवढी राह्यली, पन थे बी तुमच्या बोलीत. मले त्यात एकच शब्द लागे, मरिय. मंग मी बाजूले बसो, थे बोले, आन मरिय आली का मी बी म्हनो मरिय. तेवढंच आमचं दोघीचं बोलनं होतं, सिस्टर. दिवसभरात तेवढंच.

आन अम्मे म्हन्जे माय न? — हां, थे मले समजलं होतं. आंगोळ घालतांनी पानी डोक्यावर पडलं का थे म्हने अम्मे, अम्मे. मले समजे ना, सोताच्या मायले बोलावते का मरियामायले का मले. — तुमाले बी नाही सांगता येत? जाऊ द्या. मी तर ओ दिली बाप्पा. कोनी तरी ओ द्याले पाह्यजे न.

सिस्टर, एक विचारू? सकाळपासून तुमी दोघी आत बसल्या होत्या. थे येवढी बोलली, येवढी बोलली — मी दारात उभी होती लुगड्याले हात पुसत, मले वाटलं इच्यात येवढं बोलनं होतं कुठं? तोंड कसं उजळलं होतं. तुमचा हात सोडे ना. तर — माह्याबद्दल काही बोलली काय? — काहीच नाही? मनकर्णा म्हनून नसन म्हनली, ते बाई, भाजीवाली, आंगोळ घालते ते — अशी काही?

— कोनाबद्दल मंग? — बहिनीबद्दल. नदीबद्दल. भात कापनीबद्दल. बरं.

असू द्या. खरं सांगू, मले बी नाही ओळखत. मघा मी खोटं बोलली. पावसाळ्यापासूनच नाही ओळखत. एकडाव माह्या हातून पेला फेकून दिला, कोपऱ्यात जाऊन बसली, भेदरून पाहे माह्याकडं, जशी मी त्या मोटरसायकलवाल्यायपैकी हाये. मी कोनाले सांगतलं नाही. सांगून काय होते? तुमी म्हनल्या असत्या, मंग इथं ठेवाले कारनच काय?

ठीक हाये, घेऊन जा. घरी जायचं म्हनते तर घरी पोचवा. केरळ लय दूर हाये न? आगगाडीत झोपवून न्या, तिले डाव्या कुशीवर झोप लागते — काय? — नागपूरले? नागपूर कायले? — बुढ्या सिस्टरायचं घर हाये तिथं, बरं, नर्स हाये, बरं, पन थे तर घरी — भाऊ मेला? घर इकलं? आता तिथं रबराचे झाडं हाये? — म्हन्जे जे घर थे मांगून राह्यली थे नाहीच. कुठंच नाही. आन तुमी तिले काय सांगतलं आत? — काहीच नाही सांगतलं.

मंग इथंच राहू द्या न, सिस्टर. मी तुमच्याकडून तिची भाषा शिकून घेतो. पानीले काय म्हनतात, दुखते कसं म्हनतात, पाच-दहा शब्द सांगून जा. माह्या घरी ठेवतो, जगदेव काही म्हनत नाही, समोरची खोली खाली हाये — नाही चालत? नियम हाये? तिनं सोताच सही केली होती, जिथं ठेवतीन तिथं राहीन म्हनून? तवा चांगली होती न हो थे. तवा तिले कुठं माहीत होतं — नाही, समजलं. तुमच्या हातात नाही. माह्या हातात तर बिलकुलच नाही.

थांबा. कोन — पाहा, सोताच आली बाहेर. पांढरी साडी कशी नेसली, उलटी, पन नेसली. गाडी दिसली तिले. कोनीच काही म्हनलं नाही तरी — चालली. इकडं पाह्यलं बी नाही. ओ सिस्टर, हळू, पायरी हाये! — नाही, तुमी जा, तुमचा हात धरते थे. ड्रायव्हरले दार उघडाले सांगा. बसली. पाहा कशी बसली, खिडकीजवळ, मांडीवर हात ठेवून, हासून राह्यली. कवापासून नाही हासली अशी.

रस्त्यात विचारन थे, आलं काय म्हनून. हो म्हना. कारंज्याले विचारलं तरी हो म्हना, नागपूर आलं तरी हो म्हना. तुमच्या धर्मात खोटं चालत नसन तर मले पाप लागू द्या. — नाही, मी नाही येत गाडीजवळ. थे पाहीन माह्याकडं आन म्हनन हे कोन बाई. जा न आता, कायले उभ्या राह्यल्या? काढा गाडी. जा.