दाव्यासाठी लावलेलं कुंकू

सन्माननीय अध्यक्ष महाराज, व्यासपीठावरची पाहुणेमंडळी, ज्यांना आज आपण निरोप देतोय ते विद्याधर वकीलसाहेब, त्यांच्या पत्नी मृणालिनीबाई, आणि मुलुंडच्या माझ्या भाडेकरू बंधुभगिनींनो,

मी जानकी. भाषण कधी केलेलं नाही. पण साहेब वकिली सोडून नाशिकला निघाले आणि मी गप्प बसले, तर बरं दिसेल का?

आमचा मालक आम्हांला खोलीतून काढायला टपला होता. म्हणून आमच्या यांनी कोर्टात दावा लावला, की खोलीचे भाडेकरू आम्हीच. दावा चालू असतानाच हे मालवणला गावी गेले आणि तिथंच तापानं वारले. दिवसकार्य उरकून मी मुंबईला निघाले, तर बाळाभाऊजी, माझे धाकटे दीर, म्हणाले, "वैनी, कुंकू परत लाव. मालकाक कळला तर दावो मेलो, खोली गेली."

काय करणार? पुसलेलं कुंकू पुन्हा लावलं, बांगड्या भरल्या. मालकाचा माणूस भाड्याला आला की विचारी, "बाई, धनी कुठायत?" मी म्हणे, "गावी. पाय मोडलाय." तो जिना उतरेपर्यंत मी दाराआड उभी राहायची. माझी उत्तरा बापाच्या आठवणीनं रडायला लागली की तिच्या तोंडावर हात दाबायची मी. लेकराच्या तोंडावर!

चैत्रात शेजारच्या वसुधाबाईंनी हळदीकुंकवाला बोलावलं. न जावं तर संशय, जावं तर पाप. गेले. त्यांनी कुंकू लावलं, ओटी भरली, आणि मी मान खाली घालून ती घेतली. वसुधाबाई, तुम्ही समोरच बसलायत. मला माफ करा.

मग आमचा दावा चालवणाऱ्या साहेबांचा निरोप आला, यांना साक्षीला घेऊन या. मी एकटीच गेले. "कुठं आहेत ते?" "गावी." "बाई, खरं सांगा." सांगून टाकलं सगळं.

साहेब ताडकन उठले. "अहो, माणूस गेला म्हणून असा दावा जात नाही! त्याच्या जागी वारसांची नावं लागतात. पण तीन महिन्यांत तसा अर्ज केला नाही, तर मात्र दावा पडतो. कधी गेले?"

मी तिथी सांगितली. ते बोटांवर मोजत होते आणि मी त्यांच्या बोटांकडं बघत होते. म्हणजे खोली वाचवायला जे लपवलं, त्यानंच ती जाणार होती? मुदत अगदी तोंडावर आली होती. साहेबांनी तिथल्या तिथं अर्ज लिहायला घेतला. तो दावा पुढं माझ्या नि उत्तराच्या नावानं चालला आणि खोली राहिली, हे तुम्हां सगळ्यांना ठाऊकच आहे.

त्या दिवशी मला मात्र एकच विचारायचं होतं. म्हटलं, "साहेब, मग आता मी रडले तर चालेल?"

साहेब म्हणाले, "रडा, बाई. खुशाल मोठ्यानं रडा. मालकाला ऐकू गेलं तरी चालेल."

खोलीसाठी तुमचे आभार सगळेच मानतील, साहेब. यांच्यासाठी मला रडू दिलंत, त्याचे आभार मी मानते. बोलताना कमीजास्त झालं असेल तर सगळ्यांनी पोटात घाला.