तोंडाला रंग नको

आम्ही शिद्दी, तिकडे गुजरातमधले, राजपीपळ्याकडचे. आमचे बापजादे आफ्रिकेतून जहाजानं आले, कधी आले ते मला विचारू नका, मी काय तेव्हा धक्क्यावर उभी नव्हते. लग्न करून विसरवाडीला आले, नवऱ्याचं हायवेवर पंक्चरचं दुकान, आणि माहेराहून भांड्यांबरोबर मुगरमान आणला, म्हणजे आमचा पायांवर उभा राहणारा मोठा ढोल. सासरचेही शिद्दीच, पण वाजवणं विसरून बसलेले.

काय सांगू तुम्हाला, ढोल होता पण शिकायला कोणी नाही. माझी एकच पोरगी, रुखसाना, नववीत. केस माझ्यासारखेच दाट कुरळे, ती तेल चोपडून घट्ट बांधायची, शाळेत पोरं हबशीण हबशीण करायची ना. मला म्हणे, अम्मी, तू ढोल लईसन शाळामा येवू नको. फार लागलं मला ते. वाटलं, माझ्यामागं या ढोलात ज्वारीच भरतील.

मग गॅदरिंग आलं आणि तिच्या शाळेतले सर स्वतः घरी आले, म्हणे तुमची धमाल बसवून द्या, म्हणजे आमचा शिद्द्यांचा नाच, नाच आणि ढोल दोन्ही. मी हरखून गेले. जाऊन बघते तर भिल्ल-कोकणी आदिवासी पोरं रांगेत उभी, कमरेला झाडपाला, आणि सर त्यांच्या तोंडाला काजळी फासताहेत, आफ्रिकेचं वाटलं पाहिजे म्हणे. माझं डोकं असं सटकलं, बोलणार तोच रांगेच्या टोकाला रुखसाना दिसली, मान खाली घालून. तर तीच पुढं झाली. म्हणाली, सर, माझा रंग लावून यांना ताल येणार नाही, आधी तोंडं धुवू द्या. सर माणूस वाईट नव्हते, ओशाळले, पोरांना नळावर पाठवलं.

मग शिकवलं हो मी, पोरांना नाच, रुखसानाला ढोल, घसा बसेस्तोवर. आमच्या गाण्यातले काही बोल आफ्रिकेकडचे, अर्थ आईला माहीत नव्हता, मलाही नाही. एका कोकणी पोरीनं विचारलंच, म्हटलं ठाऊक नाही बाई. ती म्हणे, आमच्या आजीच्या गाण्याचं पण तसंच आहे, आम्ही नाचतोच की. घ्या!

गॅदरिंगला रुखसाना केस मोकळे सोडून मुगरमानापुढं उभी राहिली. मी रडले, खोटं कशाला बोलू.

आता रविवारी पोरं दुकानामागं जमतात, नवरा कुरकुरतो, गिऱ्हाईकाचं बोलणं ऐकू येत नाही म्हणतो. शिकवते रुखसानाच, मी चहा करते आणि चुकलं की ओरडते, तर म्हणते, अम्मी, तू गप बस, आते मी शिकाडस ना. अल्ला तिचे हात असेच चालते ठेवो. शाळेत ढोल न्यायचा असला की तीच उचलते, मला हातसुद्धा लावू देत नाही.